यादवी युद्धातला साधा शिपाई लढाई नसताना काय करायचा?

ताई, तुमचा प्रश्न वाचला. लेकीला शाळेत अमेरिकन यादवी युद्धावर (१८६१-६५, उत्तरेची राज्यं विरुद्ध फुटून निघालेली दक्षिणेची राज्यं) प्रकल्प आहे आणि पुस्तकात सगळे सेनापती, नकाशे आणि बाणच आहेत. तिने विचारलंय, ‘दोन लढायांच्या मध्ये शिपाई काय करायचे? लढाईपेक्षा आजाराने जास्त माणसं कशी मेली? आणि दोन्हीकडचे एकमेकांशी गप्पा मारायचे हे खरं का?’ इतके नेमके प्रश्न मोठी माणसंही विचारत नाहीत. मी व्हर्जिनियात अठरा वर्षं राहते, या रणभूमींवरून बरीच पायपीट केली आहे. उत्तर लांबेल, पण तिला सगळं वाचून दाखवा.

मोहीम म्हणजे मुख्यतः चालणं. माझे वडील सैन्यात होते, साताऱ्याकडचे. ते इथे आले तेव्हा मी त्यांना फ्रेडरिक्सबर्गच्या रणभूमीवर घेऊन गेले. संग्रहालयात तोफा बघायच्या सोडून ते एका काचपेटीतल्या बुटांपाशी थांबले. म्हणाले, ‘हे घालून किती चालले?’ मला तो प्रश्न आजवर सुचलाच नव्हता. १८६२ च्या वसंतात दक्षिणेचा सेनापती स्टोनवॉल जॅक्सन याची माणसं शेननडोआ खोऱ्यात ४८ दिवसांत ६०० मैलांहून जास्त चालली. लोक त्यांना ‘पायदळी घोडदळ’ म्हणायला लागले. बूट फाटले की दक्षिणेच्या शिपायाला बहुतेक वेळा नवे मिळायचे नाहीत. तो अनवाणी चालायचा, नाहीतर मेलेल्याच्या पायातले काढून घ्यायचा.

अंगावर ओझं किती? रायफलच चार किलोच्या आसपास. शिवाय साठ काडतुसं, घोंगडी, पाण्याची बाटली, तीन दिवसांचा शिधा, तंबूचं अर्धं कापड. दोघांनी आपापली कापडं जोडली की एक तंबू व्हायचा, त्यामुळे जोडीदार मेला तर अर्धं छप्परही जायचं. नवे शिपाई घरून आणलेल्या सतरा वस्तू घेऊन निघायचे आणि पहिल्या दहा मैलांत रस्त्याच्या कडेला टाकत जायचे. मुरलेला शिपाई लांबूनच ओळखू यायचा, कारण त्याच्याकडे जवळजवळ काहीच नसायचं.

खाणं. उत्तरेच्या शिपायाचा मुख्य शिधा म्हणजे ‘हार्डटॅक’, पीठ, पाणी आणि मिठाची कडक चौकोनी बिस्किटं. मी घरी करून पाहिली. मंद आचेवर दोन-तीन तास भाजली, दोन दिवस वाळवली. तिसऱ्या दिवशी एक ताटात टाकलं तर फरशीचा तुकडा पडावा तसा आवाज झाला. दाताने तुटत नाही. शिपाई ते बंदुकीच्या दस्त्याने फोडून गरम कॉफीत टाकायचे. आतल्या अळ्या वर तरंगल्या की बाजूला काढायच्या आणि खायचं. नाहीतर पाण्यात भिजवून खारवलेल्या डुकराच्या चरबीत परतायचं. कॉफीवर मात्र त्यांचा जीव होता. पाच मिनिटं थांबायला मिळालं तरी चूल पेटायची. दक्षिणेकडे बंदरांची नाकेबंदी झाल्यामुळे कॉफी येईना. ते भाजलेले ओकचे दाणे, शेंगदाणे, रताळी उकळून तीच कॉफी समजून प्यायचे. त्यांच्या वाट्याला मक्याचं पीठ आणि थोडं खारवलेलं मांस, तेही मिळालं तर.

यातूनच तिच्या तिसऱ्या प्रश्नाचं उत्तर मिळतं. हो, बोलायचे. १८६२-६३ च्या हिवाळ्यात रॅपाहॅनक नदीच्या एका काठावर उत्तरेची छावणी आणि समोर दक्षिणेची. पहारेकरी फळकुटांच्या छोट्या होड्या करून शिडं लावायचे आणि वाऱ्याचा अंदाज घेऊन सोडायचे. इकडून कॉफी जायची, तिकडून तंबाखू यायची. वर्तमानपत्रंही. अधिकाऱ्यांनी मनाई केली तरी चालूच राहिलं. काही आठवड्यांपूर्वी, १३ डिसेंबरला, फ्रेडरिक्सबर्गच्या लढाईत याच माणसांनी एकमेकांना मारलं होतं. मेरीज हाइट्सच्या पायथ्याशी दगडी बांधाआड दक्षिणेचे शिपाई उभे होते आणि उत्तरेच्या पलटणी एकामागून एक उघड्या उतारावरून त्यांच्यावर पाठवल्या गेल्या. त्या लढाईत उत्तरेचे एकूण जवळपास साडेबारा हजार लोक मेले, जखमी झाले किंवा बेपत्ता झाले. जखमी रात्रभर कडाक्याच्या थंडीत तिथेच पडून होते. म्हणून या होड्यांची गोष्ट नुसती गोड करून सांगू नये, तिला ही तारीखही सांगा.

आता आजार. पलटण एका गावातून, एका तालुक्यातून उभी राहायची. शेतावर वाढलेली मुलं, आयुष्यात कधी गर्दीत न राहिलेली, एकदम हजारांच्या छावणीत आली. पहिल्याच महिन्यांत गोवर पसरायचा आणि बंदूक चालवायच्या आधीच मुलं दगावायची. नंतर विषमज्वर, हिवताप आणि सगळ्यात वाईट म्हणजे हगवण. शौचाचे चर पाण्याच्या वरच्या अंगाला, खालच्या अंगाला त्याच ओढ्याचं पाणी प्यायला. जंतू म्हणजे काय हेच कुणाला माहीत नव्हतं. एकट्या उत्तरेच्या सैन्यात हगवण आणि आमांशाने चाळीस हजारांहून जास्त माणसं गेली. एकूण मृतांचा जुना आकडा ६,२०,००० आहे, अलीकडचे अभ्यासक तो साडेसात लाखांपर्यंत नेतात, आणि त्यात साधारण तिघांपैकी दोघं आजाराने मेले. घरी पत्र यायचं ते ‘रणात पडला’ असं नाही, ‘जुलाबाने गेला’ असं. आईला ते कसं वाटलं असेल याचा विचार माझ्या डोक्यातून जात नाही.

एक गैरसमज आधीच दूर करते. दातात गोळी धरून हातपाय कापायचे हे सिनेमात खूप दिसतं. प्रत्यक्षात बहुतेक शस्त्रक्रिया क्लोरोफॉर्म किंवा ईथर देऊनच व्हायच्या. जीव जायचा तो नंतर, न धुतलेल्या हातांमुळे आणि त्याच त्या करवतीमुळे.

पहिल्या लढाईला शिपाई ‘हत्ती पाहिला’ म्हणायचे. सर्कशीत हत्ती बघायला मोठ्या हौसेने जावं, तशी हौस लढाईचीही असायची, एका दिवसापुरती. रायफल ठासणीची होती. काडतुसाचा कागद दाताने फाडायचा, बंदुकीची दारू नळीत ओतायची, गोळी गजाने ठासायची, ठिणगी पाडणारी छोटी टोपी बसवायची, मग चाप. सरावलेला माणूस मिनिटाला तीन वेळा. फाडताना दारू ओठांना लागायची, तोंड काळं व्हायचं आणि भयंकर तहान लागायची. १८६३ च्या गेटिसबर्गच्या लढाईनंतर रणांगणावरून गोळा केलेल्या बंदुकांत हजारो अशा सापडल्या, ज्यांत एकावर एक दोन, तीन किंवा त्याहून जास्त गोळ्या ठासलेल्या होत्या. घाबरलेला माणूस ठासत राहिला, बार उडालाच नाही हे त्याला कळलं नाही. भीती म्हणजे काय हे मला यापेक्षा स्पष्ट कुठे दिसलेलं नाही.

पण मोहिमेने माणसाचं काय होतं हे लेकीला दाखवायचं असेल तर १८६४ चा मे-जून घ्या. तोपर्यंत रीत अशी होती की दोन-तीन दिवस लढायचं आणि मग महिने छावणीत काढायचे. त्या वर्षी उत्तरेचा सेनापती म्हणून ग्रँट आला आणि मधली विश्रांतीच संपली. ४ मेच्या रात्री उत्तरेचे शिपाई विल्डरनेसच्या जंगलात थांबले. वर्षभरापूर्वी तिथेच चॅन्सलर्सव्हिलची लढाई झाली होती. उथळ पुरलेल्यांच्या कवट्या पाऊस-वाऱ्याने उघड्या पडल्या होत्या, आणि त्यांच्यात बसून या माणसांनी कॉफी केली. दुसऱ्या दिवशी लढाई सुरू झाली. झाडी इतकी दाट की शत्रू दिसत नव्हता, समोरच्या धुरावर गोळी झाडायची. वाळलेल्या पाचोळ्याने पेट घेतला आणि चालता न येणारे जखमी तिथे जळाले.

७ मेच्या रात्री सैन्य निघालं. आजवर प्रत्येक सेनापतीने अशा मारानंतर माघार घेतली होती, त्यामुळे सगळ्यांनी तेच गृहीत धरलं. चौरस्त्यावर मात्र रांग दक्षिणेकडे, म्हणजे पुढेच, वळली. दमलेल्या माणसांनी जल्लोष केला, इतका की आवाज शत्रूला जाईल म्हणून गप्प करावं लागलं. मी त्या ब्रॉक रोडच्या वळणावर उभी राहिले आहे, आज साधा डांबरी रस्ता आहे. त्यांतल्या कित्येकांची तीन वर्षांची मुदत त्या उन्हाळ्यात संपणार होती, घरी जायला थोडेच आठवडे उरले होते. आणि सुमारे १,३६,००० जुन्या शिपायांनी पुन्हा नाव नोंदवलं होतं. तीस दिवसांची रजा आणि चारशे डॉलर मिळत होते हे खरं, पण नुसत्या पैशासाठी दुसऱ्यांदा ‘हत्ती’ बघायला कुणी जातं असं मला वाटत नाही.

पाच दिवसांनी स्पॉटसिल्व्हेनिया. १२ मेला भर पावसात, मातीच्या एकाच बांधाच्या दोन बाजूंना उभे राहून दोन्ही सैन्यं वीस तासांच्या आसपास लढली. तिथे एक ओकचं झाड होतं, खोड २२ इंच जाडीचं. ते तोफेने पडलं नाही, बंदुकीच्या गोळ्यांनी कुरतडून कुरतडून पडलं. त्याचा बुंधा वॉशिंग्टनला स्मिथसोनियनकडे आहे. मी पाहिला. वरचं टोक ब्रशसारखं पिंजलेलं आणि लाकडात शिशाच्या गोळ्या अजून रुतलेल्या. त्या झाडाशेजारी माणसं उभी होती, एवढंच मनात येत राहतं.

मग कोल्ड हार्बर. हल्ल्याआधीच्या संध्याकाळी काही शिपाई शर्ट-कोट शिवताना दिसले. जवळ जाऊन पाहिलं तर नाव-पत्ता लिहिलेली चिठ्ठी पाठीला लावत होते, असं ग्रँटच्या एका सहाय्यक अधिकाऱ्याने बऱ्याच वर्षांनी लिहिलं. सरकार ओळखीचा बिल्ला देतच नव्हतं. ३ जूनचा हल्ला काही मिनिटांत मोडला. जखमी दोन ओळींच्या मध्ये पडले आणि दोन सेनापतींची चिठ्ठ्याचिठ्ठी चालू राहिली. युद्धविराम झाला ७ जूनला, तोवर बहुतेक सगळे मेले होते. ग्रँट मोठा सेनापती होता असं मी मानते, पण हे चार दिवस मला त्याला आणि दक्षिणेचा सेनापती ली याला, दोघांनाही माफ करता येत नाहीत. सहा-सात आठवड्यांच्या त्या मोहिमेत उत्तरेची सुमारे ५५,००० आणि दक्षिणेची तीस हजारांहून जास्त माणसं खर्ची पडली.

कृष्णवर्णीय शिपाई पुस्तकात कोपऱ्यात असतील, तिला ते मध्यभागी आणायला सांगा. उत्तरेच्या सैन्यात ते सुमारे १,८०,००० होते. गोऱ्या शिपायाला महिना १३ डॉलर, यांना १० आणि त्यातून कपड्याचे ३ कापून ७. चौपन्नाव्या मॅसॅच्युसेट्स पलटणीने असा पगार घ्यायचाच नाकारला, बिनपगारी लढले, आणि जून १८६४ मध्ये कायदा बदलला. त्याच वर्षी ३० जुलैला व्हर्जिनियातल्या पीटर्सबर्गला उत्तरेच्या, खाणकामगारांच्या एका पलटणीने ५११ फूट बोगदा खणून शत्रूच्या खंदकाखाली ८,००० पौंड दारू उडवली. पुढे जायचा सराव कृष्णवर्णीय पलटणींना दिला होता. आयत्या वेळी त्यांना मागे ठेवलं, बिनसरावाच्या पलटणी पाठवल्या, त्या खड्ड्यात अडकल्या. मग यांना पाठवलं. शरण आलेल्यांनाही तिथे मारलं गेलं.

९ एप्रिल १८६५ ला ली शरण आला. ज्यांचे घोडे-खेचरं स्वतःची होती त्यांना ती घरी न्यायला दिली, वसंतातली नांगरट करता यावी म्हणून. आपल्याकडे हे युद्ध कापसाच्या भावाने पोचलं होतं. दक्षिणेचा कापूस बंद झाला तेव्हा मुंबईत पैशाचा पूर आला, आणि ही माणसं नांगराकडे वळल्याची बातमी आली तशा १८६५ मध्ये तिथल्या बँका आणि कंपन्या कोसळल्या. प्रकल्पात याला अर्धं पान द्या.

आणि प्रकल्प कसा करायचा? तिला एकच पलटण निवडू दे, ती कुठल्या तालुक्यातून उभी राहिली, किती निघाले, कुठे चालले, किती परतले. राष्ट्रीय उद्यान विभागाच्या संकेतस्थळावर शिपायांची नावं पलटणीनुसार शोधता येतात. इकडे येणं झालं तर फ्रेडरिक्सबर्गच्या लष्करी दफनभूमीत जा. पंधरा हजारांहून जास्त शिपाई तिथे आहेत आणि बहुतेकांची नावं माहीत नाहीत. त्यांच्यासाठी छोटे चौकोनी दगड आहेत, त्यावर दोन आकडे. वडिलांनी विचारलं, ‘हे काय?’ वरचा थडग्याचा क्रमांक आणि खालचा त्यात किती जण आहेत तो. ते खालचे आकडे वाचत शेवटच्या रांगेपर्यंत गेले, मी फाटकाशी थांबले.