'संदेष्ट्याचा पुत्र' आणि उंबराची फळं

प्रश्न असा आहे: "बायबलात आमोस म्हणतो, मी संदेष्टा नाही आणि संदेष्ट्याचा पुत्रही नाही. मग त्याचं पुस्तक संदेष्ट्यांत कसं? त्याने बापाला मध्ये का आणलं? आणि संदेष्टा, प्रेषित, भविष्यवादी हे सगळे एकच का?"

शेवटचं आधी घेतो. मूळ हिब्रू शब्द 'नावी'. अक्कादी या मेसोपोटेमियातल्या प्राचीन भाषेत 'नबू' म्हणजे हाक मारणे, नाव घेणे. त्यावरून 'ज्याला हाक आली तो' असा अर्थ बहुतेक अभ्यासक लावतात. अरबी 'नबी' याच घरातला. मराठी बोलणारे बेने इस्राएली ज्यू मलिद्याच्या विधीच्या वेळी ज्या 'एलियाहू हन्नाबी'चं, म्हणजे एलीया संदेष्ट्याचं, नाव घेतात, त्यातलाही हाच शब्द. पुढचा 'ह' म्हणजे हिब्रूतलं 'तो अमुक'वालं उपपद. अलिबागजवळच्या खंडाळ्याला या एलीयाच्या रथाची खूण खडकावर दाखवतात. म्हणजे हा शब्द आपल्याकडे छापील बायबलाची वाट बघत बसला नव्हता.

नावीचं काम काय, हे बायबलातल्या 'निर्गम' पुस्तकाच्या सातव्या अध्यायात एका वाक्यात आलं आहे. मोशेला बोलता येत नाही म्हणून देव सांगतो, तुझा भाऊ अहरोन तुझा नावी होईल. म्हणजे तोंड. एकाने सांगायचं, दुसऱ्याने ते लोकांपुढे बोलायचं. यात पत्रिका नाही, कुंडली नाही. पुढचं कधी सांगितलं जातं, पण ते 'असेच वागलात तर बुडाल' या चालीवर. म्हणून 'भविष्यवादी' मला पटत नाही. तो शब्द वाचला की डोळ्यांपुढे पोपट आणि पाकिटं येतात.

'संदेष्टा' त्या मानाने नेमका, पण व्याकरणाला धरून बसलात तर जरा उलटाच. सम् + दिश् म्हणजे निरोप देणं. 'द्रष्टा', 'स्रष्टा' यांच्या साच्यातलाच हा कर्तृवाचक शब्द. मग खरा संदेष्टा निरोप धाडणारा, म्हणजे देव, आणि आमोस त्याचा दूत. मेघदूतात मेघ दूत आहे, निरोप यक्षाचा. पण वापराने शब्दाला जागा मिळवून दिली, ती आता काढून घेण्यात अर्थ नाही. स्त्रीलिंग 'संदेष्ट्री', मिर्यामला तसंच म्हटलं आहे. 'प्रेषित' म्हणजे धाडलेला. ख्रिस्ती मराठीत तो येशूच्या शिष्यांसाठी राखीव ('प्रेषितांची कृत्ये'), मुस्लिम संदर्भात मात्र 'प्रेषित मुहंमद' हेच रूढ. गोंधळ होतो तो इथे.

गंमत म्हणजे ही शब्दचर्चा बायबलात आधीच झाली आहे. पुढे राजा झालेला शौल बापाची हरवलेली गाढवं शोधत शमुवेल संदेष्ट्याकडे निघतो, सोबत नोकराजवळची पाव शेकेल वजनाची चांदी, नाणं नव्हे, नुसता तुकडा. आणि लेखक मध्येच थांबून टीप देतो की आज ज्याला नावी म्हणतात त्याला पूर्वी 'रोए', म्हणजे द्रष्टा, म्हणत. जुना शब्द वाचकाला कळणार नाही ही काळजी तेव्हाही होतीच.

आता आमोस. काळ इ.स.पू. आठव्या शतकाचा मध्य. दक्षिणेला यहूदाच्या राज्यात उज्जीया राजा, उत्तरेला इस्राएलाच्या राज्यात दुसरा यराबाम. उत्तरेत पैसा खेळत होता. आमोस ज्या हस्तिदंती घरांवर आणि पलंगांवर तोंडसुख घेतो, त्या हस्तिदंताचे कोरीव तुकडे उत्तरेची राजधानी शोमरोनच्या उत्खननात खरोखर निघाले. हा माणूस दक्षिणेतल्या तकोवाचा, बेथलेहेमच्या दक्षिणेचं डोंगराळ गाव. सीमा ओलांडून तो बेथेलच्या राजमंदिरात जाऊन बोलतो. पुजारी अमस्या त्याला सुनावतो: द्रष्ट्या, पळ यहूदाला, तिथे भाकर खा, तिथे संदेश सांग, बेथेलात पुन्हा नको, हे राजाचं देऊळ आहे.

खोच त्या 'भाकर खा'मध्ये आहे. तुझं पोट यावरच चालतं ना, मग तुझ्या मुलखात जाऊन चालव. तेव्हा असे पोटार्थी नावी खरोखरच होते. अहाब राजाच्या पदरी चारशे होते आणि सगळे एका सुरात 'जा, जिंकशील' म्हणत होते.

'संदेष्ट्याचा पुत्र' कळतो तो या पार्श्वभूमीवर. इथे बापाचा संबंध नाही. हिब्रूत 'अमक्याचा पुत्र' म्हणजे त्या गटातला. एलीया आणि त्याचा शिष्य अलीशा यांच्या गोष्टींत 'संदेष्ट्यांचे पुत्र' बेथेलला, यरीहोला जथ्याने राहतात. एकाची उसनी आणलेली कुऱ्हाड यार्देनेत पडते तेव्हा तो कळवळून ओरडतो. आपल्याकडे वारकऱ्यांचे फड असतात, तसा काहीसा प्रकार. आमोस म्हणतो, मी कुठल्या फडातला नाही. मी गुरं राखतो, उंबरं बघतो. माझी भाकर तिकडून येते.

आणखी एक अडचण. हिब्रू वाक्यात क्रियापदच नाही: 'लो नावी आनोखी', शब्दशः 'ना नावी मी'. आता की तेव्हा? मराठीत 'मी शेतकरी' एवढ्यावर भागतं, पण नकार आला की 'नाही' की 'नव्हतो' हे ठरवावंच लागतं. ग्रीक भाषांतरकारांनी 'नव्हतो' घेतलं. मला 'नाही' आवडतं, कारण त्यात हुज्जत ऐकू येते. 'नव्हतो' घेतलं तर प्रश्नकर्त्याची शंका मात्र तिथेच मिटते: नव्हतो, देवाने गुरांमागून उचलून केलं.

उंबराबद्दल. मराठी बायबलातलं हे झाड आपलं औदुंबर नव्हे, पण सख्खं भावंड. फळं तशीच खोडाला आणि जाड फांद्यांना घोसांनी लगडलेली. आमोसने आपल्या कामाला वापरलेला 'बोलेस' हा शब्द अख्ख्या हिब्रू बायबलात एकदाच येतो. ग्रीक भाषांतरात तिथे 'ओरखडणारा' आहे, आणि ते बरोबर वाटतं. प्राचीन ग्रीक वनस्पतिशास्त्रज्ञ थिओफ्रास्टस लिहितो की इजिप्तमधलं हे फळ लोखंडी नख्यांनी खरवडल्याशिवाय पिकत नाही, खरवडलं की चौथ्या दिवशी तयार. जखम झाली की फळात इथिलीन हा फळ पिकवणारा वायू सुटतो, म्हणून. म्हणजे झाडावर चढायचं, हाताने एकेक फळ धरायचं, टोचा मारायचा, पुढचं. तकोवा सुमारे ८०० मीटर उंचीवर. हे झाड खालच्या सखल भागातलं. कामासाठी त्याला डोंगर उतरावा लागत असणार. नुसतं 'उंबरं गोळा करणारा' म्हटलं की ही सगळी मेहनत निसटते.

फळांचा हा जाणकार पुढच्याच अध्यायात एक दृष्टांत सांगतो. देव विचारतो, आमोसा, काय दिसतं? तो म्हणतो, 'कायित्स'ची टोपली, म्हणजे उन्हाळी फळांची. देव म्हणतो, माझ्या प्रजेचा 'केत्स' आला आहे. केत्स म्हणजे शेवट. दक्षिणी कानाला हा यमकासारखा खेळ. पण उत्तरेच्या बोलीत 'आय'चा 'ए' होई. शोमरोनला सापडलेल्या खापरांवर 'यायिन', म्हणजे द्राक्षारस, आखडून लिहिलेला आहे. तिथल्या श्रोत्यांना दोन्ही शब्द जवळजवळ एकच ऐकू गेले असतील. इ.स.पू. ७२२च्या सुमारास अश्शूरी फौजेपुढे शोमरोन पडलं.

मराठीत 'फळं' आणि 'शेवट' घातलं की कोटी मरते. भाषांतर माझ्या हाती असतं तर मी 'पाड' वापरला असता, झाडावरच पिकायला आलेल्या आंब्याला म्हणतो तो. "आमोसा, काय दिसतं?" "पाडाच्या फळांची टोपली." "इस्राएलचा पाडाव आला."