भाडं थकलंय, कुणाकडे जाऊ?

प्रश्न : ताई, आम्ही ठाण्याच्या वागळे इस्टेटमध्ये भाड्याच्या खोलीत राहतो. भाडं ८,५०० रुपये. मिस्टर इथल्याच एका वर्कशॉपमध्ये लेथवर आहेत. सुटी झाल्यावर घरी येताना त्यांना टेम्पोने उडवलं, पायात रॉड टाकलाय. पगार बंद आहे. ऑपरेशनला भिशीचे पैसे गेले, दागिने गहाण पडले. मी दोन घरी पोळ्या करते, त्याचे ९,००० येतात. तीन महिन्यांचं भाडं थकलंय, लाइट बिलाचे ४,२०० बाकी आहेत आणि मीटर कापायची नोटीस मोबाइलवर आलीय. घरमालक म्हणतात, या महिन्यात पैसे दिले नाहीत तर कुलूप लावीन. मुलगी आठवीत, मुलगा पाचवीत. भाड्याचे पैसे देणारी एखादी संस्था असेल तर पत्ता द्या. हात पसरायची सवय नाही हो.
— एक वाचक भगिनी, वागळे इस्टेट

उत्तर : ताई, ट्रस्ट सहसा भाड्यासाठी पैसे देत नाहीत. का देत नाहीत ते आधी सांगते, म्हणजे दारोदार फिरणं वाचेल. प्रत्येक ट्रस्टचे उद्देश कागदावर लिहिलेले असतात. बहुतेक ठिकाणी ते शिक्षण, औषधोपचार, अन्नदान असेच असतात. वर्षाचा हिशेब तपासून धर्मादाय कार्यालयात द्यावा लागतो. शाळेची फीपावती किंवा औषधांचं बिल फाइलला लावता येतं, एका घरमालकाच्या खात्यात गेलेले पैसे दाखवणं विश्वस्तांना जड जातं. मी रुग्णालयाच्या समाजसेवा विभागात नोकरी केली. "भाडं भरा" म्हणून आलेला अर्ज जिथून परत जायचा, तिथेच त्याच बाईचा "मुलीची फी भरा" हा अर्ज मंजूर होताना मी पाहिलाय. म्हणून भाडं मागू नका. फी, वह्या-पुस्तकं, औषधं आणि वाणसामान यांचा भार दुसऱ्यांवर टाका आणि तुमचे ९,००० भाड्यासाठी मोकळे करा.

पण त्याच्याही आधी एक काम. मिस्टरांची पगाराची पावती काढा आणि ईएसआयची, म्हणजे कामगार राज्य विम्याची, कपात होतेय का बघा. महिना २१,००० रुपयांपर्यंत पगार असलेल्या कामगाराचे त्यात पाऊण टक्का कापले जातात. कपात असेल तर तुम्ही मदत मागत नाही आहात, हक्काचे पैसे मागताय. साध्या आजारपणात रोजच्या सरासरी पगाराच्या ७० टक्के रक्कम, वर्षाला ९१ दिवसांपर्यंत मिळते. आणि कामावर जाता-येता झालेला अपघात हा कामावरचाच अपघात धरला जाऊ शकतो. तसं मान्य झालं तर सुमारे ९० टक्के, आणि डॉक्टर कामाला अयोग्य म्हणतील तोवर. सुटीची वेळ, नेहमीचा रस्ता आणि अपघाताची पोलीस नोंद या तीन गोष्टींवर ते ठरतं. हजेरीची नोंद, पोलीस स्टेशनची प्रत आणि डिस्चार्ज कार्ड घेऊन ईएसआयच्या शाखा कार्यालयात जा. अपघाताचा अहवाल मालकाने द्यायचा असतो. तो टाळत असेल तर लेखी अर्ज द्या आणि दुसऱ्या प्रतीवर पोच घ्या. पीएफ कापला जात असेल तर आजारपणासाठी त्यातली काही रक्कम ऑनलाइन काढता येते. ही दोन्ही दारं वाजवायच्या आधी कुठल्याही ट्रस्टच्या पायऱ्या चढू नका.

आता घरमालक. तुमच्या भागातले बरेच घरमालक त्या एका खोलीच्या भाड्यावर स्वतःचं घर चालवतात, हे लक्षात ठेवून बोला, पण घाबरून बोलू नका. अकरा महिन्यांचा करार असो वा नसो, मनात आलं म्हणून कुलूप लावून माणसांना बाहेर काढता येत नाही. लिव्ह अँड लायसन्सची, म्हणजे अशा कराराची, मुदत संपली तरी जागा रिकामी करून घ्यायला मालकाला भाडेकायद्याने नेमलेल्या सक्षम प्राधिकाऱ्याकडेच जावं लागतं. मात्र मुदत संपल्यावर राहिलात तर भाड्याच्या दुप्पट रक्कम लागू शकते. तेव्हा कराराची तारीख आजच बघा आणि ती जवळ आली असेल तर नूतनीकरणाचं बोलणं आत्ताच काढा. करार नोंदवलेलाच नसेल, तर तो नोंदवण्याची जबाबदारी कायद्याने मालकाची असते, हेही जाणून असा.

डिपॉझिट किती आहे ते तुम्ही लिहिलं नाही. असेल तर एका महिन्याचं भाडं त्यातून वळतं करा, एका महिन्याचं आता देते आणि उरलेलं दरमहा दीड-दोन हजार जादा देऊन फेडते, असा प्रस्ताव एका कागदावर लिहून द्या. सगळं डिपॉझिट वळतं करा म्हणालात तर मालक ऐकणार नाहीत, कारण तोच त्यांचा आधार आहे. जे ठरेल ते व्हॉट्सअ‍ॅपवर तरी लिहून घ्या आणि दिलेल्या प्रत्येक रुपयाची पावती मागा. तरीही कुलपाची भाषा सुटली नाही, तर कोर्टनाक्याला जिल्हा न्यायालयात जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाचं कार्यालय आहे. स्त्रियांना तिथे उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. आधी फोनवर विचारायचं तर १५१०० हा क्रमांक आहे.

लाइट बिलाचं काम त्यामानाने सोपं आहे. नोटीस मिळाल्यापासून वीज तोडायला १५ पूर्ण दिवस जावे लागतात, तेवढ्यात महावितरणच्या उपविभागीय कार्यालयात जाऊन हप्ते मागा. रिकाम्या हाताने जाऊ नका. थोडी तरी रक्कम भरून, उरलेल्याचे हप्ते पाडून द्या असा अर्ज करा. एकदा वीज तुटली की जोडायचे पैसे वेगळे. मीटर मालकाच्या नावावर असला तरी ग्राहक क्रमांकावर बिल कुणीही भरू शकतं. म्हणून लाइट बिल ही मदत मागायला चांगली गोष्ट आहे. देणाऱ्याला रोख द्यावे लागत नाहीत, तो थेट भरतो आणि पावती त्याच्याकडे राहते. ४,२०० रुपये एकट्याने भरू शकेल असं माणूस तुमच्या ओळखीत आहे. ज्या दोन घरी पोळ्या करता, त्यांना बिलाचा फोटो दाखवून सांगा. उसने नकोत, पगारातून महिन्याला पाचशे कापा म्हणा. लाज वाटेल, पण रोज तुमच्या हातचं खाणारी माणसं आहेत ती.

आता संस्था. मुलांच्या फीसाठी पहिल्यांदा शाळेतच जा. मुख्याध्यापकांना आजूबाजूचे देणगीदार, रोटरी आणि लायन्सची मंडळी माहीत असतात, आणि त्यांच्या सहीच्या पत्राला वजन असतं. मुलगी दहावी झाली की ठाण्याचं विद्यादान सहायक मंडळ लक्षात ठेवा, ते गरजू मुलांच्या पुढच्या शिक्षणाला मदत करतात. औषधं आणि पुढच्या तपासण्यांसाठी कळव्याच्या छत्रपती शिवाजी महाराज रुग्णालयातल्या समाजसेवा अधीक्षकांना भेटा. कुठल्या ट्रस्टकडे यंदा पैसे शिल्लक आहेत आणि कुठला अर्ज कुणाच्या नावे करायचा, हे त्या खुर्चीवरच्या माणसाला जेवढं ठाऊक असतं तेवढं कुणाला नसतं. रॉड काढायचं ऑपरेशन धर्मादाय रुग्णालयात करायचं ठरलं तर तिथे १० टक्के खाटा निर्धन आणि १० टक्के दुर्बल घटकांतल्या रुग्णांसाठी राखीव असतात. दाखल होतानाच तसं सांगायचं, बिल हातात पडल्यावर नाही.

खुद्द भाड्याला हातभार लावणारे असतात ते छोटे गट, घरी येऊन बघणारे. चर्चमध्ये सेंट व्हिन्सेंट डी पॉल सोसायटीची माणसं असतात. दोघं जण घरी येतात, बसतात, विचारतात. धर्म बघत नाहीत. तलावपाळीजवळच्या सेंट जॉन द बाप्टिस्ट चर्चच्या कार्यालयात चौकशी करा. मुस्लिम कुटुंबांना मशिदीच्या जकात फंडातून मदत मिळते. तुमच्या ज्ञातीचं किंवा गावाचं मंडळ मुंबईत असेल तर त्यांच्याकडे असा फंड असू शकतो. गावकीच्या मंडळांना मी फार मानते, कारण तिथे तुमचं घराणं ओळखणारं कुणीतरी बसलेलं असतं. गल्लीतल्या गणेशोत्सव मंडळाच्या खजिनदारालाही विचारा. घर बघायला आलेल्यांपुढे काही लपवू नका. टीव्ही आहे, फ्रिज आहे म्हणून कुणी मदत नाकारत नाही. खोटं सापडलं की मात्र नाकारतात.

अर्ज एका पानाचा हवा. असा लिहा: "माझे पती अमुक तारखेपासून अपघातामुळे घरी आहेत. माझं उत्पन्न ९,००० आहे. लाइट बिल ४,२०० थकलं आहे, पैकी १,००० मी भरले आहेत. उरलेले ३,२०० थेट बिलात भरावेत ही विनंती. डॉक्टरांच्या मते पती अमुक महिन्यात कामावर जातील." किती हवेत, कशासाठी, तुम्ही स्वतः किती उभे केले आणि अडचण कधी संपणार, हे चार वाक्यांत आलं पाहिजे. "मोठ्या मनाने मदत करावी" एवढंच लिहिलेला अर्ज मागे पडतो, कारण आकडा नसला की विश्वस्तांना ठरवता येत नाही. सोबत आधार, रेशनकार्ड, करार, बिल, डिस्चार्ज कार्ड आणि उत्पन्नाचा दाखला जोडा. दाखला तहसीलदारांकडून येतो, त्याला वेळ लागतो, म्हणून सेतू केंद्रात उद्याच अर्ज टाका. सगळ्याच्या पाच-सहा झेरॉक्स काढून ठेवा.

हात पसरायची सवय नाही असं लिहिलंत. तुम्ही पगारातून पैसे कापून घ्या म्हणताय, हप्ते मागताय, कपातीचा हक्क मागताय. यात हात पसरणं कुठे आलं?

प्रश्न : आमच्या शेजारणीचे यजमान पाच महिन्यांपूर्वी गेले. तुर्भ्याच्या एका कंपनीत ड्रायव्हर होते. दोन लहान मुलं आहेत. भाडं आम्ही सोसायटीतल्या चौघांनी मिळून दोनदा दिलं, पण दरमहा जमणार नाही. ती बोलत नाही, म्हणून मी विचारतो.
— एक निवृत्त वाचक, कोपरखैरणे

उत्तर : दादा, चौघांनी मिळून दोनदा भाडं दिलंत, हे फार मोठं काम आहे. आता तिच्यासोबत बसून यजमानांचं पासबुक उघडा. ४३६ किंवा २० रुपयांची वजावट दिसते का बघा. या पंतप्रधान विमा योजनांच्या हप्त्यांच्या नोंदी असतात. ४३६ चा हप्ता जीवनज्योतीचा, त्यात कोणत्याही कारणाने मृत्यू झाला तरी २ लाख मिळतात. २० चा सुरक्षा विमा फक्त अपघातासाठी. हे बँकेतच मागायचं, आणि पाच महिने गेलेत, तर याच आठवड्यात. घरच्यांना पत्ताच नसतो आणि पैसे पडून राहतात, हे पाहून मला फार वाईट वाटतं. कंपनीत पीएफ कापला जात असेल तर शिल्लक, विधवेचं आणि मुलांचं निवृत्तिवेतन, शिवाय त्याला जोडलेला ७ लाखांपर्यंतचा विमा, असं सगळं वाशीच्या पीएफ कार्यालयात विचारा.

मुलांसाठी क्रांतिज्योती सावित्रीबाई फुले बालसंगोपन योजनेत दर मुलामागे महिना २,२५० रुपये मिळतात. अर्ज जिल्हा महिला व बालविकास कार्यालयात. तिथेच मिशन वात्सल्य या केंद्राच्या योजनेचीही चौकशी करा. शहरात वार्षिक उत्पन्न ९६,००० च्या आत असेल तर त्यात मुलामागे महिना ४,००० आहेत. एका मुलाला दोन्ही मिळत नाहीत. मंजुरीला वेळ लागतो. तोवरच्या महिन्यांसाठी तुम्ही चौघं भाड्याऐवजी वाणसामानाची आणि दुधाची जबाबदारी घ्या. ते जास्त दिवस निभावतं आणि तिलाही स्वीकारायला सोपं जातं. तिच्याशी बोलायला तुमच्या घरातल्या बाईमाणसाला पाठवा.

प्रश्न : एका ट्रस्टकडून ५०,००० ची मदत मंजूर झाल्याचा मेसेज आलाय. ४९९ रुपये नोंदणी मागतात. भरू का?
— एक वाचक, ऐरोली

उत्तर : भरू नका. मदत देणारा ट्रस्ट आधी पैसे मागत नाही. ओटीपी किंवा आधारचा फोटो पाठवला असेल तर आधी बँकेला कळवा, पैसे गेले असतील तर लगेच १९३० या सायबर फसवणुकीच्या क्रमांकावर तक्रार करा. ट्रस्ट खरा आहे का हे पाहायचं असेल तर त्याचा नोंदणी क्रमांक मागा आणि धर्मादाय आयुक्तांच्या ठाण्याच्या कार्यालयात तपासून घ्या. अडचणीच्या दिवसांत पाच मिनिटांत कर्ज देणाऱ्या अ‍ॅपच्या जाहिरातीही याच फोनवर येतील. त्यांच्यापेक्षा बचत गटाच्या ताईंकडे जा.