शहरात देशी पालेभाज्या लावल्याने अन्नसुरक्षा खरोखर वाढते, की हा गॅलरी असणाऱ्यांचा छंद आहे?

आपण छंदाचा जो आक्षेप घेतला आहे, तो निम्मा खरा आहे. पुण्यात आमच्या इमारतीच्या गच्चीवर आणि पूर्वेकडील गॅलरीत मी गेली काही वर्षे भाजी लावतो, आणि त्या अनुभवावरून सांगतो की गच्चीवरच्या भाजीने पोट भरत नाही. धान्य, डाळ आणि तेल बाहेरूनच येणार. परंतु अन्नसुरक्षा म्हणजे केवळ पोट भरणे नव्हे. २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत भारतातील १५ ते ४९ वयोगटातील ५७ टक्के स्त्रिया रक्तक्षयी आढळल्या, आणि त्यांतील कितीतरी जणींच्या घरी गहू-तांदूळ पुरेसा असणार. ताटातून सर्वांत आधी गळते ती पालेभाजी, कारण ती महाग होते, लवकर सुकते आणि निवडायला वेळ खाते. त्या रिकाम्या जागेपुरते शहरातल्या कुंडीचे काम आहे.

आता देशी भाजीच का, हा प्रश्न उरतो. मी प्रथम पालक, मेथी आणि कोथिंबीरच लावली होती. मे महिन्यात पालक लगेच फुलावर आला आणि पावसाळ्यात मेथी कुजली, म्हणजे बाजारात जेव्हा जुडीचे भाव चढतात नेमक्या त्याच आठवड्यांत माझ्याही कुंड्या रिकाम्या! याउलट लाल माठ आणि घोळ यांना एप्रिल-मेचे ऊन मानवते. घोळ तर न लावताच कुंडीच्या कडेने उगवते आणि आपण तण म्हणून उपटून टाकतो. पावसाळ्यात अळू, मायाळू आणि टाकळा जोरात असतात, थंडीत चाकवत आणि चुका येतो. बाजारातली साखळी जिथे तुटते तिथे ही मंडळी हजर असतात, आणि माझ्या मते देशी भाज्यांच्या बाजूचा हाच सर्वांत भक्कम मुद्दा आहे. त्यांच्या 'औषधी' गुणांची जी वर्णने फिरतात, ती मी फारशी मनावर घेत नाही.

'देशी' या शब्दाचा अभिमानही बेतानेच बाळगावा. अंबाडी आणि चवळी मूळच्या आफ्रिकेतल्या, तरीही अंबाडीची भाजी ज्वारीच्या कण्या घालून, वरून लसणाची फोडणी ओतून खाणाऱ्याला ती परकी वाटणार नाही. इथल्या हवेत मुरलेली, जिचे बी घरी धरता येते आणि जी रांधायची कशी हे घरातल्या कोणाला तरी ठाऊक आहे, ती देशी, एवढी व्याख्या मला पुरते.

याच भाज्यांनी दुसऱ्या एका शहरात काय केले, ते पाहण्यासारखे आहे. केनियाची राजधानी नैरोबी येथे 'मनागू', 'तेरेरे' आणि 'सागा' या पालेभाज्या दीर्घकाळ गरिबांचे खाणे म्हणून हिणवल्या जात. १९९० च्या दशकापासून तेथील संशोधक आणि संस्थांनी त्यांचे पोषणमूल्य व पाककृती पुढे आणल्या आणि त्या सुपरमार्केटमध्येही विकल्या जाऊ लागल्या. गंमत अशी की मनागू म्हणजे आपल्या कामोणीची सख्खी बहीण, तेरेरे म्हणजे माठाच्या कुळातली भाजी आणि सागा म्हणजे आपल्याकडे पडीक जागेत उगवणारी पांढरी तिळवण. त्याच शहरातील किबेरा वस्तीत, जिथे अंगण नाही आणि गॅलरीही नाही, तिथे लोक मातीने भरलेल्या उभ्या गोणीला बाजूंनी भोके पाडून त्यांत रोपे लावतात. २००७ च्या अखेरीस निवडणुकीनंतर उसळलेल्या हिंसाचारानंतरच्या काळात या गोण्यांचा प्रसार विशेष झाला. गोण्यांत 'सुकुमा विकी' नावाची कोबीच्या कुळातली पालेभाजीच अधिक असते, हे खरे. पण छंदाच्या आक्षेपाला मला सुचणारे उत्तर ही गोणीच आहे.

आपल्याकडे मुंबई पोर्ट ट्रस्टच्या मध्यवर्ती स्वयंपाकघराच्या गच्चीवर २००२ पासून स्वयंपाकातल्याच ओल्या कचऱ्यावर बाग फुलवली गेली. शाळांच्या परसबागा आणि अंगणवाड्यांभोवतीची जागा यांकडे मी अधिक आशेने पाहतो, कारण माझ्या माठाच्या जुडीने माझ्या घराची चव वाढते, तीच जुडी शाळेच्या खिचडीत पडली तर तिचा उपयोग निराळा होतो.

काही अडचणी मात्र लपवू नयेत. भिजलेल्या मातीची वीस लिटरची एक पिशवी तीस किलोंच्या आसपास भरते, म्हणून गच्चीवर निम्म्याहून अधिक पालापाचोळ्याचे खत वापरावे आणि गळतीची तपासणी आधी करून घ्यावी. आमच्या सोसायटीच्या सभेत यावरूनच दोनदा वाजले आहे. रस्त्याकडेची किंवा नाल्याच्या पाण्यावरची भाजी टाळावी, कारण पालेभाज्या शिसे आणि कॅडमियम शोषून घेतात आणि पानांवर धूळही बसते. पडीक जागेतली भाजी जाणकाराने दाखवल्याशिवाय खुडू नये. अळूच्या शिरा काढून आमसूल किंवा चिंच घालावी, नाहीतर घसा खवखवतो, आणि मूतखड्याचा त्रास असणाऱ्यांनी घोळ, माठ व अळू डॉक्टरांना विचारूनच खावे. करटुलीच्या मोहात एकाच वेलावर थांबू नका. तिचे नर आणि मादी वेल वेगळे असतात, त्यामुळे माझ्या एकुलत्या वेलाला दोन वर्षे फुले आली आणि फळ एकही धरले नाही.

बी विकत घेण्यावर फार विसंबू नये. अकोले तालुक्यातील कोंभाळणे गावच्या राहीबाई पोपेरे यांना २०२० मध्ये पद्मश्री मिळाली ती गावरान बियाणे जपण्यासाठी, आणि त्या कामाचा छोटा अवतार कुंडीतही जमतो: माठाची दोन-तीन झाडे न कापता वाळू द्यावीत, पुढच्या वर्षाचे बी त्यातच मिळते. मायाळूला तर बियांचीही गरज नाही. शेजाऱ्यांकडून वीतभर फांदी मागून आणा, जूनच्या पहिल्या पावसानंतर ओल्या मातीत खोचा आणि वेलाला दोरी बांधून द्या. श्रावणात भजी करण्याइतकी पाने निघतील.