1996 च्या माउंटन बाइकचे 3×8 गिअर काढून 1×12 बसवावेत का?

पुढच्या तीन दातेरी चक्रांना (चेनरिंग) 42-32-22 दात, मागच्या आठ चक्रांच्या संचाला (कॅसेट) 11 ते 28 दात आणि मित्रांचा आग्रह की हे सगळं भंगारात घाल, असं तुम्ही लिहिलंय. माझं मत: घाई करू नका.

आधी आकडे बघू. तुमच्या सगळ्यात जड आणि सगळ्यात हलक्या गिअरमध्ये साधारण 4.9 पट फरक आहे. 10-51 कॅसेटच्या 1×12 मध्ये (पुढे एकच चक्र, मागे बारा) तो 5.1 पट. म्हणजे नव्यात आवाका फारसा वाढलेला नाही, तो खाली सरकलाय. पुढे 32 ची चेनरिंग धरली तर चढावरचा शेवटचा गिअर तुमच्या 22-28 पेक्षा (पुढे 22, मागे 28) साधारण वीस टक्के हलका पडतो आणि सपाटीवरचा वरचा गिअर जातो. 24 गिअर हा आकडाही फसवाच. 42-28 आणि 32-21 यांत पायाला काही फरक कळत नाही.

नव्यात खरी सुधारणा झालीय ती चेन जागेवर राहण्यात. जुन्या मागच्या डिरेलरला (चेन एका चक्रावरून दुसऱ्यावर नेणारा भाग) नुसती स्प्रिंग असते, त्यामुळे खडकाळ उतारावर चेन चेनस्टेवर (मागच्या चाकाकडे जाणारी फ्रेमची खालची नळी) फटाफट आपटते. चिखलात लहान चेनरिंगवर टाकायला गेलात की चेन झिजलेल्या दातांना चिकटून वर ओढली जाते आणि फ्रेमला ओरखडे पाडते. तुमच्या चेनस्टेच्या आतल्या बाजूला बोट फिरवून बघा, बहुतेक सापडतील. क्लचवाला (म्हणजे हात घट्ट धरून चेन ताणून ठेवणारा) डिरेलर आणि आलटून पालटून जाड-बारीक दात असलेली एकच चेनरिंग यांनी हा त्रास जवळजवळ संपवला. पुढचा डिरेलर गेला याचं मला तरी दुःख नाही.

पण जुन्याची सहनशक्ती वेगळीच. आठ स्पीडमध्ये कॅसेटमधल्या एका चक्रापासून (स्प्रॉकेट) पुढच्याचं अंतर 4.8 मिमी असतं. बारा स्पीडमध्ये ते साडेतीनच्या जरा वर. त्यामुळे हँगर (फ्रेमवर डिरेलर जिथे अडकवतात तो तुकडा) किंचित वाकला तरी तुमचे गिअर कुरकुर करत का होईना, पडतात. बारा स्पीड तिथे रुसून बसतं. (त्याआधीच्या थंब शिफ्टरना तर क्लिक बंद करून अंदाजाने गिअर टाकायची सोय असायची. तसला शिफ्टर कुठे मिळाला तर सोडू नका.)

म्हणून आधी गिअरच्या केबल आणि त्यांचं आवरण बदला. चेन मापून घ्या, 0.75 टक्के ताणली असेल तर नवी टाका. नवी चेन दातांवरून उडायला लागली तर कॅसेटही गेली समजा. अर्ध्या तक्रारी इथेच मिटतात.

एवढं करूनही चढावर गुडघे बोलत असतील तर 1×12 कराच, पण 11-50 कॅसेट घ्या. हायपरग्लाइड प्रकारच्या फ्रीहबवर (हबचा कॅसेट बसवायचा भाग) बसणारी मिळते, मग चाक तेच चालतं. दहा दातांपासून सुरू होणारीला फ्रीहब वेगळा लागतो आणि जुन्या हबला तो सहसा मिळत नाही. शिफ्टर, डिरेलर, चेन आणि चेनरिंग मात्र एकदमच बदलावे लागतील. जुना डिरेलर आणि नवा शिफ्टर असं लग्न जमत नाही.