हेनरायचा झपाटा आणि आपला चिखल

तुमचा प्रश्न आधी माझ्या शब्दांत मांडते, म्हणजे मला नीट कळलाय की नाही ते तुम्हालाच दिसेल. शाळेत चित्रकलेच्या इंटरमिजिएट परीक्षेला ए ग्रेड, मग पंधरा वर्षं नोकरी, ब्रश हातात नाही. आता तैलरंगात पोर्ट्रेट सुरू केलंत. मध्येच रॉबर्ट हेन्री या अमेरिकन चित्रकार-शिक्षकाचं 'द आर्ट स्पिरिट' हे पुस्तक हाती पडलं आणि भारावून गेलात. तो म्हणतो तसा मोठा ब्रश घेता, झपाट्याने रंगवता, आणि चाळीस मिनिटांत काकांच्या चेहऱ्याचा चिखल होतो. तर आता हे सगळं सोडून प्लास्टरच्या पुतळ्यासमोर महिनोन्‌महिने कोळशाने काम करणाऱ्या एखाद्या क्लासला जावं का?

एवढ्यात जाऊ नका. तुम्ही हेन्रीचं ऐकताय असं तुम्हाला वाटतंय, पण तुम्ही पाठवलेल्या फोटोवरून तरी मला तसं दिसत नाही.

आधी नावाचं. स्पेलिंग फ्रेंच वळणाचं असलं तरी उच्चार 'हेनराय', असा त्याचाच आग्रह होता. जन्म 1865चा, मूळ आडनाव कोझॅड. वडिलांनी नेब्रास्कात आपल्या नावाचं गाव वसवलं होतं. 1882 मध्ये गुरं चारण्याच्या हक्कावरून भांडण झालं, वडिलांनी गोळी झाडली, समोरचा माणूस दगावला. कुटुंब गाव सोडून पळालं आणि सगळ्यांनी नावं बदलली. पुढे वडील निर्दोष ठरले, मुलाचं नाव मात्र बदललेलंच राहिलं. याचा तुमच्या चिखलाशी काही संबंध नाही, पण गोष्ट सांगितल्याशिवाय मला राहवत नाही.

आता ते पुस्तक. 1923 साली आलेलं हे पुस्तक हेनरायने बसून, आखून लिहिलेलं नाही. मार्जरी रायरसन या त्याच्या विद्यार्थिनीने वर्गातली टिपणं, पत्रं आणि भाषणं जमवून ते तयार केलं. म्हणजे त्यातली निम्मी वाक्यं कुणाच्या तरी कॅनव्हाससमोर उभं राहून बोललेली आहेत, आणि तो कॅनव्हास आपल्याला दिसत नाही. शेजारच्या खोलीत कुणी फोनवर बोलत असावं आणि आपल्याला एकाच बाजूचं ऐकू यावं, तसं आहे हे. 'धीट हो, तपशील सोड, जोरात लाव' हे त्याने कुणाला सांगितलं असेल? बहुधा अशा मुलाला, जो दोन-तीन वर्षं अकादमीत घासून आला होता, ज्याचं नाक-कान जागच्या जागी बसत होतं आणि तरी चित्र निर्जीव होतं. औषध त्या पेशंटचं होतं. तुम्ही पुस्तकातलं प्रत्येक औषध एकेक चमचा घेतलंत.

स्वतः हेनरायच्या हाताखाली काय होतं तेही बघा. 1886 मध्ये तो फिलाडेल्फियाच्या पेनसिल्व्हेनिया अकादमीत दाखल झाला. तिथे त्याला टॉमस अँशुट्झने शिकवलं. हा अँशुट्झ टॉमस एकिन्सचा चेला, आणि एकिन्स म्हणजे विद्यार्थ्यांना शवविच्छेदन करायला लावणारा मास्तर. पुढे 1888 मध्ये पॅरिसला अकादमी ज्युलियाँ ही कलाशाळा, तिथे शिकवायला बुगेरोसारखा काटेकोर चित्रकार. नंतर हेनरायने बुगेरोचा गुळगुळीतपणा टाकून दिला, पण टाकण्याआधी तो हातात आला होता.

आणि त्याचा तो प्रसिद्ध झपाटा? माझं मत असं की तो त्याने अर्धा तरी मित्रांकडून उचलला. 1890च्या दशकात फिलाडेल्फियात दर मंगळवारी त्याच्या स्टुडिओत मंडळी जमायची. जॉन स्लोन, विल्यम ग्लॅकन्स, जॉर्ज लक्स, एव्हरेट शिन. चौघंही वर्तमानपत्रांचे चित्रकार. छापील फोटो अजून रुळले नव्हते, तेव्हा कुठे आग लागली, अपघात झाला, की यांनी पळायचं. तिथे चार रेघा मारून घ्यायच्या, बाकी सगळं डोक्यात भरायचं आणि ऑफिसात येऊन छपाईच्या वेळेआधी पूर्ण प्रसंग उभा करायचा. ग्लॅकन्सची स्मरणशक्ती तर दंतकथेसारखी होती. हेनरायने यांना तैलरंगाकडे वळवलं असं सगळे सांगतात, ते खरंच आहे. पण यांच्याकडे बघूनच त्याला पक्कं पटलं असावं की चेहऱ्यावरची खरी गोष्ट क्षणभर टिकते आणि पुढचं सगळं काम आठवणीवर चालतं. हा झपाटा आधी डोळ्यांत आणि डोक्यात असतो. हात नंतर येतो.

1902 पासून तो न्यूयॉर्क स्कूल ऑफ आर्टमध्ये शिकवत होता. शाळा मुळात विल्यम मेरिट चेसची. चेस म्हणजे हातखंडा कसब, ताटातला मासा असा रंगवायचा की खवले ओले वाटावेत. हेनराय मुलांना म्हणणार, बाहेर जा, रस्ते बघा, माणसं बघा. दोघांचं जमणं कठीणच होतं. 1907 मध्ये चेसनेच ती शाळा सोडली. एडवर्ड हॉपर दोघांकडेही शिकला. जॉर्ज बेलोज आणि रॉकवेल केंट त्याच वर्गातले. या तिघांची चित्रं शेजारी शेजारी ठेवून बघा. बेलोजचं 1909चं मुष्टियुद्ध, 'स्टॅग अ‍ॅट शार्कीज', नुसती हाणामारी आहे, रंगातसुद्धा. केंटचे बर्फाळ डोंगर थंड आणि रेखीव. आणि हॉपर? उत्तरायुष्यात तो वर्षाला एक-दोन कॅनव्हास करायचा, त्याआधी ढीगभर स्केचेस. झपाटा हाच धडा असता तर हेनरायचा सगळ्यात नावाजलेला विद्यार्थी नापास झाला म्हणायचं.

आता माझी फजिती सांगते. आम्ही काही वर्षं न्यू जर्सीत होतो. तेव्हा मी शनिवारी न्यूयॉर्कला सत्तावन्नाव्या रस्त्यावरच्या आर्ट स्टुडंट्स लीगमध्ये जायची. हेनरायने 1915 ते 1927 तिथे शिकवलं होतं, म्हणून मुद्दाम तीच जागा निवडली. प्रवेशपरीक्षा नसते, पैसे भरा आणि उभे राहा. मॉडेल वीस मिनिटं बसणार, पाच मिनिटं सुट्टी, पुन्हा वीस मिनिटं. मी हेनराय वाचून गेलेली, त्यामुळे मॉडेल बसल्या बसल्या तुटून पडले. कॅनव्हासवर नुसता धुरळा. सुट्टीत वर्गाचा मॉनिटर, साठीचे एक गृहस्थ, चहाचा कप घेऊन मागे आले आणि म्हणाले, वीस मिनिटांत तू मॉडेलकडे अकरा वेळा बघितलंस. मी मोजलं.

मला ते फार लागलं. मी तीन-चारशे तरी फटके मारले असतील. म्हणजे एकदा बघायचं आणि तीस फटके मनाने मारायचे. याला धीटपणा म्हणत नाहीत.

पुढचा शनिवार मी पहिली वीस मिनिटं ब्रशच उचलला नाही. नुसती बघत बसले, पॅलेटवर पाच ढीग कालवले आणि पोझ संपल्यावर मॉडेल उठून गेली तेव्हा रिकाम्या खुर्चीसमोर रंगवायला सुरुवात केली. चित्र चांगलं झालं नाही. पण पहिल्यांदाच ते मळलं नाही.

तुमच्या काकांकडे येऊ. फोटोत मागच्या भिंतीवर ट्यूबलाइट दिसतेय आणि समोरून खिडकीचा उजेड आहे. दोन्हीकडून उजेड आला की चेहऱ्यावर सावली राहतच नाही. सावली नाही म्हणजे मोठे आकार नाहीत, आणि मग मोठ्या ब्रशने लावायचं काय? हेनरायची पोर्ट्रेट बघा, बहुतेकांत गडद पार्श्वभूमी आणि एका बाजूचा उजेड, हाल्स आणि व्हेलास्केस या त्याच्या लाडक्या जुन्या चित्रकारांसारखा. घरातले सगळे दिवे बंद करा, एकाच खिडकीशी काकांना बसवा, उत्तरेची असेल तर उत्तम. समोरच्या भिंतीवरून उजेड परत येत असेल तर गडद चादर लावा. निम्मा चिखल इथेच जाईल.

उरलेला चिखल पॅलेटवर आहे. तुमच्या पॅलेटवर मी चौदा रंग मोजले. पांढरा, यलो ऑकर, एक लाल आणि आयव्हरी ब्लॅक, एवढ्यावर तीन महिने काढा. या चौघांत काळा पांढऱ्याशी मिसळला की निळसर दिसतो आणि तेवढा निळा पोर्ट्रेटला पुरतो. रंगवायला सुरुवात करण्याआधी पाच ढीग करा: सावलीचा एक, उजेडाचा एक, दोन्हींच्या मधला एक, केसांचा आणि मागच्या भिंतीचा. सावलीच्या ढिगात पांढरा शक्यतो घालूच नका. सावलीला वेगळा ब्रश, उजेडाला वेगळा. प्रत्येक दोन-तीन फटक्यांनंतर ब्रश जुन्या सुती धोतराच्या फडक्याला पुसायचा. टर्पेंटाइनमध्ये बुचकळून ओलाच परत रंगात घालायचा नाही. हे सगळं फार घरगुती वाटेल, पण मुक्त हाताचा म्हणून ओळखला जाणारा हेनराय स्वतः 1909 पासून मॅराटा नावाच्या माणसाने आखलेल्या रंगक्रमाच्या इतका नादी लागला होता की ढीग आधीच मांडून ठेवायचा. बेलोज आणि स्लोनलाही त्याने ते वेड लावलं. सुरांच्या पट्टीसारखी रंगांची पट्टी, अशी ती कल्पना. मला ती पद्धत रुक्ष वाटते, पण रंग कुठला हे आधीच ठरलेलं असलं की हात मोकळा राहतो, हे तिच्यामागचं कारण मला पटतं.

त्वचेबद्दल एक गोष्ट वेगळी सांगायला हवी, कारण पाश्चात्त्य पुस्तकांतले त्वचेचे बहुतेक नुस्खे गोऱ्या कातडीचे असतात. काका सावळे आहेत. उजेडाच्या बाजूला तुम्ही पांढरा ओतलाय, म्हणून गालावर खडू फासल्यासारखं दिसतंय. सावळ्या चेहऱ्याची उजेडाची बाजूसुद्धा आपल्याला वाटते त्यापेक्षा बरीच गडद असते. ऑकर आणि लालने ती चढवा, पांढरा चिमूटभर. आणि कपाळावरची चमक त्वचेच्या रंगाची नसते, ती खिडकीतल्या आकाशाच्या रंगाची असते, म्हणजे थंड, किंचित निळसर राखाडी. ती शेवटी, एकाच फटक्यात लावायची आणि तिला पुन्हा हात लावायचा नाही. हेनरायने आयर्लंडमधली कोळ्यांची पोरं, स्पेनमधले जिप्सी, न्यू मेक्सिकोतले प्वेब्लो आदिवासी, कृष्णवर्णीय आणि चिनी मुलं अशी सगळ्या वर्णांची माणसं रंगवली. ती ओळीने बघितलीत तर प्रत्येक चेहऱ्याला त्याने वेगळं कालवलंय हे लक्षात येईल.

आता स्मरणाचा व्यायाम. आपण इंटरमिजिएटच्या स्मरणचित्राला काय करायचो आठवतंय ना? बाजाराचं एक दृश्य आणि विसर्जनाची एक मिरवणूक घरी घोटून पाठ करायची आणि परीक्षेत विषय कुठलाही येवो, तीच माणसं उतरवायची. माझी टोपलीवाली बाई तर चार वेगवेगळ्या विषयांत कामाला आली! ते स्मरण नव्हतं, पाठांतर होतं. खरं करायचं असेल तर काकांना बैठकीच्या खोलीत बसवा आणि इझल स्वयंपाकघरात ठेवा. उठून जायचं, मिनिटभर बघायचं, येऊन जे आठवतंय तेवढंच लावायचं. सुरुवातीला फार कमी आठवेल. जे आठवेल ते बहुधा महत्त्वाचंच असेल: मान पुढे काढण्याची लकब, जबड्याखालच्या सावलीचा एक तुकडा. भुवईचे केस आठवणार नाहीत आणि बरंच आहे ते.

प्लास्टरच्या पुतळ्याचं म्हणाल तर त्यात वाईट काही नाही. पांढऱ्या पुतळ्यावर उजेड-सावलीच्या पायऱ्या शिकता येतात तशा चेहऱ्यावर सुरुवातीला येत नाहीत, कारण चेहरा बोलतो, हलतो, आणि काकांसारखा असला तर झोपतोसुद्धा. वरचं सगळं करून सहा महिन्यांनीही डोळे एका रेषेत बसत नसतील तर खुशाल जा, वर्षभर कोळसा घासा. तोवर आपल्याकडच्या एखाद्या चांगल्या पोर्ट्रेट डेमोला जाऊन बसा. आपले चित्रकार वासुदेव कामत यांना 2006 मध्ये अमेरिकेतल्या पोर्ट्रेट सोसायटीचं ड्रेपर ग्रँड प्राइझ मिळालं, वास्तववादी परंपरेतल्या लोकांनी दिलेलं. अशा तयारीचा माणूस रंगवत असेल तेव्हा कॅनव्हास बघू नका, त्याची मान बघा. किती वेळा वर होते ते मोजा.

आणि काकांचं हे चित्र खरवडून टाकणार आहात असं लिहिलंय, ते करू नका. भिंतीकडे तोंड करून ठेवून द्या. डाव्या कानाखाली, जिथे तुम्ही बहुतेक कंटाळून दोनच फटके मारलेत, तिथे मान अगदी बरोबर वळली आहे.