मौत का कुआमध्ये गाडी चालवणाऱ्यांना भीती वाटत नाही का? त्यांचं आयुष्य कसं असतं?

वाटते. रोज वाटते, आणि वाटते म्हणूनच ते टिकतात. मौत का कुआ म्हणजे जत्रेतला फळ्यांचा मोठा गोल हौद, त्याच्या उभ्या भिंतीवर आतून गाडी फिरवतात आणि लोक वरून बघतात. मी काही हंगाम अशा एका कुआवर मेकॅनिक होतो, त्यामुळे ही माणसं जवळून पाहिली आहेत. ‘जिवावर उदार झालेली पोरं’ असं लोक म्हणतात ते मला अजिबात पटत नाही. इतक्या जपून गाडी चालवणारी माणसं मला रस्त्यावर दिसलेली नाहीत.

नऊएक मीटर व्यासाचा कुआ असेल तर ताशी 35-40 किलोमीटर वेग पुरतो. त्या वेगाने टायर फळ्यांवर असा दाबला जातो की घर्षणावरच गाडी तोलून राहते. वेग फार नाही, पण तो मध्येच पडून चालत नाही. अंगावर दुपटीहून जास्त भार येतो, रक्त पायाकडे ओढलं जातं. नवख्याच्या डोळ्यांपुढे अंधारी येते, म्हणून आधी खाली जमिनीवरच गोल गोल फिरायचं, चक्कर यायची थांबली की भिंतीच्या पायथ्याच्या तिरक्या ढाळावर, आणि मग भिंतीवर. गाडी बहुतेक यामाहा आरएक्स 100. तिचं उत्पादन 1996 साली बंद झालं, पण हलकी आहे आणि मूठ पिळली की लगेच उचलते, त्यामुळे कुआवाले ती सोडत नाहीत.

खरा धोका फळ्यांत असतो. पुसेगावची यात्रा उरकली की सगळा कुआ खोलून ट्रकमध्ये भरायचा आणि सोलापूरच्या गड्डा यात्रेत पुन्हा उभा करायचा. दरवेळी तेच नट-बोल्ट, तीच भोकं, थोडी अजून सैल झालेली. आमचा एक चालवणारा पहिल्या खेळाआधी आतून फिरत फळी न् फळी मुठीने ठोकायचा. आवाज बद्द आला की थांबायचा. एकदा तिकिटं विकून झाली होती, वर माणसं दाटली होती, मालक भोंग्यावरून ओरडत होता, तरी हा गाडीला टेकून उभा. मागून बोल्ट आवळून झाला, त्याने स्वतः परत ठोकून बघितलं, मगच किक मारली. मला त्याचं खरं धाडस तिथं दिसलं.

पैशाचं म्हणाल तर हंगामाच्या आधी उचल घेतलेली असते, ती फिटेपर्यंत मालकाला सोडून जाता येत नाही. तिकिटाचे पैसे मालकाचे, गाडी फिरवता फिरवता वरच्या प्रेक्षकांच्या हातून घेतलेल्या नोटा चालवणाऱ्याच्या. राहणं कुआच्या मागच्या तंबूत. पावसाळ्यात फळ्या ओल्या, जत्रा बंद, मग कोणी गॅरेजात तर कोणी टेम्पोवर. विमा आमच्यापैकी कोणाचाच नव्हता. एकाचा पाय मोडला तेव्हा मालकाने सुरुवातीचं बिल भरलं, पुढचं त्याच्या बायकोने दागिने मोडून निभावलं. हे मला आजही फार लागतं. गर्दी ज्याच्यासाठी येते त्याच्याच हाडांची जबाबदारी कोणी घेत नाही.

तुम्ही कधी गेलात तर नोट जरूर द्या. एका टोकाला चिमटीत सैल धरा आणि तो जवळ आल्यावर हात मागे खेचू नका, त्याचा तोल तुमच्या हाताच्या अंदाजावर असतो. मोबाईल किंवा पाण्याची बाटली कठड्याबाहेर धरू नका. ती आत पडली तर त्याला चुकवायला जागा नसते.