‘गांधी’ सोडून बेन किंग्जलींनी दुसरं काय केलं?

भरपूर केलं. आणि त्यातलं बरंचसं ‘गांधी’च्या आधी केलं, हीच गोष्ट आपल्याकडे कोणाला ठाऊक नसते. तुम्ही प्रश्नाखाली लिहिलंय की ‘गांधी’ सिनेमात गांधी झालेला हा ब्रिटिश नट 1982 मध्ये आभाळातून पडल्यासारखा आला, ऑस्कर घेऊन गेला आणि मग गायब झाला. आपली ओळख 2 ऑक्टोबरला दूरदर्शनवर लागणाऱ्या एका सिनेमापुरती असल्यामुळे तसं वाटणं साहजिक आहे. पण ‘गांधी’चे दिग्दर्शक रिचर्ड अॅटनबरो यांनी त्यांना शोधलं तेव्हा त्यांच्या गाठीशी तेरा-चौदा वर्षांची रंगभूमी होती, आणि तीही शेक्सपिअरची.

जन्मनाव कृष्णा पंडित भानजी. 31 डिसेंबर 1943, इंग्लंडमधल्या यॉर्कशरचं स्नेंटन गाव. नावात कृष्णाही आहे आणि पंडितही, घराणं मात्र मूळचं गुजरातचं, खोजा इस्माइली. आजोबा झांझिबारला मसाल्याचे व्यापारी, वडील केनियात जन्मलेले आणि इंग्लंडात येऊन डॉक्टर झालेले. आई इंग्रज, तरुणपणी अभिनेत्री आणि मॉडेल. लहानपण मँचेस्टरजवळच्या पेंडलबरीत गेलं. स्ट्रॅटफर्डला, म्हणजे शेक्सपिअरच्या गावी, इयान होम या नटाने केलेला शेक्सपिअरचा तिसरा रिचर्ड पाहताना आपल्याला प्रेक्षागृहात भोवळ आली आणि तिथेच नट व्हायचं ठरलं, असं ते स्वतः सांगतात. नटांनी आपल्या सुरुवातीच्या सांगितलेल्या कथा मी थोड्या सावधपणेच घेतो, पण होम यांचा रिचर्ड तेव्हा गाजला होता हे खरं.

साठच्या दशकात कृष्णा भानजी या नावाने ब्रिटिश रंगभूमीवर काम मिळणं अवघड होतं. म्हणून नाव बदललं. लवंगेच्या व्यापारामुळे आजोबांना ‘किंग क्लोव्ह’ म्हणत, त्यावरून किंग्जली. बदल केल्याबरोबर कामं मिळू लागली. इंग्रज भूमिका मिळाव्यात म्हणून भारतीय नाव टाकलेल्या या नटाला जगाने ओळखलं ते मात्र मोहनदास करमचंद गांधी म्हणून.

1967 मध्ये ते रॉयल शेक्सपिअर कंपनीत गेले. तिथली पद्धत आपल्या व्यावसायिक नाटकापेक्षा वेगळी. आपल्याकडे नट एक नाटक घेऊन शिवाजी मंदिरपासून सांगलीपर्यंत दौरे करतो. तिथे एकाच हंगामात तोच संच तीन-चार नाटकं आलटून पालटून करतो. आज खलनायक, उद्या दुसऱ्याच नाटकात चार वाक्यांचा सरदार. शरीर आणि आवाज रोज नव्याने जुळवावा लागतो. किंग्जलींचं खरं शिक्षण हे, कारण अभिनयाच्या कुठल्या मोठ्या शाळेचा शिक्का त्यांच्यावर नाही.

1970 मध्ये दिग्दर्शक पीटर ब्रुक यांनी शेक्सपिअरचं ‘अ मिडसमर नाइट्स ड्रीम’ पांढऱ्याफेक पेटीसारख्या नेपथ्यात, झोपाळ्यांवर लोंबकळणाऱ्या नटांना घेऊन केलं. विसाव्या शतकातल्या सगळ्यात गाजलेल्या शेक्सपिअर-प्रयोगांपैकी तो एक. त्यात किंग्जली डिमिट्रियस होते. 1974 मध्ये दक्षिण आफ्रिकी नाटककार अॅथॉल फ्यूगार्ड यांच्या वर्णभेदावरच्या नाटकात त्यांनी काम केलं. 1975 मध्ये हॅम्लेट. ते मोठ्या थिएटरात नव्हतं, स्ट्रॅटफर्डच्या ‘द अदर प्लेस’ या पत्र्याच्या शेडमध्ये होतं. वेशभूषा आधुनिक, प्रेक्षक हाताच्या अंतरावर. दिग्दर्शिका बझ गुडबॉडी जेमतेम अठ्ठावीस वर्षांच्या होत्या. नाटक लागलं आणि त्याच आठवड्यात त्यांनी आत्महत्या केली. संचाने प्रयोग चालू ठेवले. दादरच्या छबिलदास शाळेच्या छोट्या जागेतली आपली प्रायोगिक नाटकं ज्यांनी पाहिली आहेत, त्यांना तिथे नटाला काहीच लपवता येत नाही हे सांगायला नको. पुढे कॅमेऱ्यासमोर त्यांच्यात जो संयम दिसतो तो मला वाटतं अशा जागेतून आला असणार.

मग 1979 मध्ये ‘ज्युलियस सीझर’मधला ब्रूटस, आणि 1980 मध्ये साडेआठ तासांच्या ‘निकोलस निकलबी’त स्क्विअर्स हा पोरांना छळणारा मास्तर. हे प्रयोग सुरू असतानाच ‘गांधी’ आला.

रिचर्ड अॅटनबरो 1962 पासून या सिनेमाच्या मागे होते. वीस वर्षांत पैसे आले, गेले, लोक बदलले. गांधींसाठी अँथनी हॉपकिन्स, जॉन हर्ट, डस्टिन हॉफमन अशी नावं येऊन गेली. आपल्याकडून नसीरुद्दीन शाह आणि स्मिता पाटीलही लंडनला स्क्रीन टेस्ट देऊन आले. किंग्जलींचं नाव सुचवलं ते अॅटनबरोंचे चिरंजीव मायकल यांनी. ते स्वतः नाटकवाले, त्यामुळे त्यांना हा नट माहीत होता. सिनेमात मात्र किंग्जलींना कोण ओळखणार? 1972 च्या एका चित्रपटातली किरकोळ भूमिका एवढीच जमा.

चित्रीकरण नोव्हेंबर 1980 मध्ये सुरू झालं तेव्हा ते छत्तीस वर्षांचे होते. भूमिका मात्र चोविशीतल्या बॅरिस्टरपासून अठ्ठ्याहत्तर वर्षांच्या म्हाताऱ्यापर्यंत. त्यांनी वजन उतरवलं, सूत कातायला शिकले. पण हे सगळेच सांगतात. तुम्ही पुन्हा पाहिलात तर दक्षिण आफ्रिकेतला तो प्रसंग बघा, जिथे पोलीस लाठ्या मारत असताना गांधी भारतीयांवर सक्तीने लादलेले पास, म्हणजे ओळखपत्रं, एकेक करून आगीत टाकत राहतात. चेहऱ्याकडे बघू नका, हाताकडे बघा. हात थरथरत पासाकडे जातो, फटका बसतो, तरी पुन्हा जातो. तिथे शौर्य दाखवण्याचा मोह त्यांनी टाळलाय. भीती तशीच ठेवलीय आणि तरी हात पुढे नेलाय. संवादांच्या जोरावर भूमिका उभी करणाऱ्या नटाला हे सुचत नाही.

हा सिनेमा आपल्या माणसांचाही आहे. कस्तुरबा झालेल्या रोहिणी हट्टंगडी पुण्याच्या, राष्ट्रीय नाट्य विद्यालयात शिकलेल्या. त्यांना त्यासाठी बाफ्टा हा ब्रिटनचा चित्रपट पुरस्कार मिळाला. डॉ. श्रीराम लागू यांनी गोखले केले. कोल्हापूरच्या भानू अथय्या यांना जॉन मोलो यांच्यासोबत वेशभूषेचं ऑस्कर मिळालं, भारतीय व्यक्तीला मिळालेलं ते पहिलं. काही चित्रीकरण पुण्याच्या आगाखान पॅलेसमध्येही झालं. अंत्ययात्रेचं दृश्य दिल्लीत 31 जानेवारी 1981 ला घेतलं, खऱ्या अंत्ययात्रेच्या तारखेलाच, आणि त्याला सुमारे तीन लाख माणसं होती.

1983 च्या ऑस्करला किंग्जलींसमोर पॉल न्यूमन, डस्टिन हॉफमन, जॅक लेमन आणि पीटर ओटूल होते. ही यादी पाहूनच घाम फुटावा. जिंकले किंग्जली. बाफ्टाने तर त्यांना त्याच वर्षी सर्वोत्कृष्ट अभिनेता आणि आश्वासक नवोदित असे दोन्ही पुरस्कार दिले. एकोणचाळिशीतला नवोदित! 1984 मध्ये पद्मश्री, 2002 मध्ये ब्रिटनचा ‘सर’ किताब.

आता ‘गायब’ होण्याबद्दल. रंगभूमीवर त्यांनी एडमंड कीन या एकोणिसाव्या शतकातल्या नटावर एकपात्री प्रयोग केला, 1985 मध्ये ऑथेल्लो केला, 1997 मध्ये दिग्दर्शक पीटर हॉल यांच्या ‘वेटिंग फॉर गोदो’त लंडनच्या ओल्ड विक थिएटरात उभे राहिले. त्यानंतर रंगमंच जवळपास सुटला. माझी तक्रार असेल तर ती याबद्दल आहे.

सिनेमात मात्र ते थांबलेच नाहीत. ‘बग्सी’, ‘सेक्सी बीस्ट’ आणि ‘हाउस ऑफ सँड अँड फॉग’ अशी आणखी तीन ऑस्कर नामांकनं. 1993 च्या ‘शिंडलर्स लिस्ट’मध्ये त्यांचा हिशेबनीस स्टर्न बहुतेक वेळ नुसता ऐकतो. समोरच्या नटाचा प्रसंग आपल्या ऐकण्याने उभा करणं किती कठीण असतं, हे एकांकिकेत शेजारी उभं राहून मी अनुभवलंय. तिथे तर आपली मान नक्की कुठे वळवायची हेही कळत नाही.

पण माझ्या मते त्यांचं सर्वोत्तम काम ‘गांधी’ नाही. ते 2000 च्या ‘सेक्सी बीस्ट’मधला डॉन लोगन आहे. स्पेनमध्ये निवृत्त होऊन पडलेल्या जुन्या गुन्हेगाराला परत कामाला लावायला हा माणूस येतो आणि नकार ऐकायलाच तयार नसतो. ही व्यक्तिरेखा आपल्या आजीवरून घेतली असं किंग्जलींनी सांगितलंय, म्हणजे ती आजी काय असेल बघा! हा लोगन बराच वेळ हात उचलत नाही. ताठ पाठीने उभा राहतो, बोलतो, आणि घरातल्या सगळ्यांचा श्वास अडकतो. गांधींमध्ये जी एकाग्रता माणसाला धीर देत होती, तीच इथे अंगावर येते.

कचराही त्यांनी बराच केलाय, ते लपवण्यात अर्थ नाही. ‘ब्लडरेन’ बघू नका. ‘द लव्ह गुरू’मध्ये ते तिरळ्या डोळ्यांचे बाबा झालेत, तेही नको. अमिताभ बच्चन यांच्यासोबतचा ‘तीन पत्ती’ आला कधी आणि गेला कधी हे कळलंही नाही. ‘आयर्न मॅन 3’मधला ट्रेव्हर स्लॅटरी मात्र झकास: फसलेला, दारुडा नाटकवाला, ज्याने पैसे घेऊन दहशतवाद्याचं सोंग घेतलंय आणि जो आपण किंग लिअर कसा केला याच्या बढाया मारतो. स्ट्रॅटफर्डच्या नटाने स्वतःच्या जमातीची केलेली ही टिंगल आहे.

तुमच्या घरात मुलं असतील तर त्यांनी किंग्जलींना ऐकलंही असेल. 2016 च्या ‘जंगल बुक’मध्ये बघीराला त्यांचा आवाज आहे. हिंदीत तोच बघीरा ओम पुरींनी बोललाय, जे ‘गांधी’त दंगलीनंतर उपोषण करणाऱ्या गांधींपुढे रोटी फेकतात.

एकच बघायचा असेल तर ‘सेक्सी बीस्ट’ बघा. फक्त आई-वडिलांसोबत बसू नका, शिव्या फार आहेत.